खस्तावीला पोय फुटली

कालव्याकाठच्या खस्तावी जातीच्या खजुरीला बुधवारी फुलोऱ्याची पोय फुटली आणि शुक्रवार उजाडला तरी तिला कोणी हात लावला नव्हता. वजीहा तंदुरीत रोट्या लावत होती, पण तिचं सगळं लक्ष भिंतीपलीकडच्या त्या शेंड्यावर होतं. फुटलेली पोय पाच दिवस वाट बघते, फार तर सहा. तेवढ्यात कोणीतरी वर चढून नराच्या फुलांच्या दोन-तीन काड्या तिच्यात बांधायला हव्यात. नाहीतर त्या घडाला खजूर धरत नाही, शीस धरतं. बी नसलेली, पोचट, एकाला एक चिकटलेली फळं, जी म्हशीसुद्धा नाइलाजाने खातात. हे फुरात नदीच्या काठावरच्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं, फक्त या घरातल्या मोठ्या माणसांना यंदा त्याचा विसर पडला होता.

विसर कसला, ते सगळे वाट बघत होते. घराण्यातला वडीलधारा, सगळ्यांचा काका हाज मुतलक, आज जेवायला यायचा होता. तो आला की ठरणार होतं ते सगळ्यांना आधीच माहीत होतं, फक्त ते त्याच्या तोंडून यायचं होतं.

चढायचा दोर, ज्याला इथे तबलिया म्हणतात, तो सहा वर्षं गोठ्यातल्या वजीहाच्या खुंटीवर असायचा. खजुराच्या काथ्याचा रुंद पट्टा कमरेमागे, आणि त्याचा दोर खोडाभोवती. वजीहाचे थोरले दीर जब्बार, ज्यांना घरात अबू गाझी म्हणत, लढाईवरून घरी आले आणि दहा दिवसांपूर्वी तो दोर बैठकीच्या खोलीत त्यांच्या उशाशी जाऊन टांगला गेला. कोणी नेला, कोणी विचारलं नाही, कोणी सांगितलं नाही. वजीहाने सकाळी रिकामी खुंटी बघितली, एवढंच.

"सबीहा," तिने जावेला हाक मारली, "तू बोलशील ना?"

सबीहा, जब्बारची बायको, सुकवलेल्या भेंडीच्या माळा सोडवत बसली होती. पाच वर्षं ती पहाटेच्या मोटारीने शहरातल्या गिरणीत जायची, सूत भरायची, आठ बायकांवर मुकादम होती. तेव्हा तिचा आवाज अंगणाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत जायचा. थंडीत गिरणीने बायकांना एकेक कापडाचा तुकडा दिला आणि सांगितलं, तुमचे पुरुष परत आले, आता तुम्ही घरी सुखाने बसा. तेव्हापासून सबीहा हळू बोलायला लागली होती.

"काय बोलू?"

"परवा कबूल केलं होतंस. यंदाचं वर्ष वजीहाला चढू द्या म्हणून सांगेन, म्हणाली होतीस."

"परवाचं परवा गेलं." सबीहाने मान वर केली नाही. "तुला काय वाटतं, माझं तिथे कोण ऐकणार? माझं गिरणीने ऐकलं का?"

"अगं, ते चढू शकत नाहीत." वजीहाने आवाज खाली आणला. "मंगळवारी सकाळी मी कालव्यावर गेले होते. अबू गाझी त्या ठेंगण्या झाहिदी खजुरीवर होते. चार हात वर. नुसते चार हात, सबीहा. खोडाला मिठी मारून, डोळे घट्ट मिटून. मी आल्या पावली मागे फिरले."

सबीहाच्या हातातली माळ थांबली. "त्यांनी तुला बघितलं?"

"नाही."

"मग तूही काही बघितलं नाहीस." सबीहा आता थेट तिच्याकडे बघत होती. "मला सांगतेस होय? माझ्या शेजारी झोपतात ते. दार आपटलं तरी जमिनीवर आडवे होतात. माझ्या नवऱ्याचं मला माहीत आहे. पण हे हाजीकाकांपुढे तुझ्या तोंडून निघालं ना वजीहा, तर मी तुझी कोणी नाही. तुला तुझी झाडं हवीत. मला त्या माणसाबरोबर आयुष्य काढायचंय."

"माझी झाडं? खातं कोण त्यांचा खजूर?"

"ओरडू नकोस. रोटी करपली बघ."

रोटी खरंच करपली होती. वजीहाने ती काढून बाजूला टाकली. सबीहाचा तिला राग आला, आणि त्याहून जास्त वाईट वाटलं, कारण सबीहा खोटं बोलत नव्हती.

*

हाज मुतलक जेवला चांगला. भात, भेंडीचा रस्सा, नदीतला भाजलेला मासा, वर दोनदा ताक. हात धुऊन, मिशीला अत्तर लावून तो उशीला टेकला आणि म्हणाला, "बोलवा आमच्या उम्म सुआदला."

वजीहा, म्हणजेच सुआदची आई, चहाचं तबक घेऊन आत गेली. बैठकीत काका, जब्बार आणि दोन चुलत दीर होते. सासू, उम्म जब्बार, दाराशी भिंतीला टेकून बसली होती. म्हातारपणाने तिला पुरुषांच्या खोलीत बसायचा हक्क मिळाला होता. तिच्यामागे दाराआड सबीहा आणि वजीहाची तेरा वर्षांची मुलगी सुआद.

"ये पोरी," काका म्हणाला. त्याचा आवाज गोड होता आणि वजीहाला त्या गोडव्याचीच धास्ती वाटली. "तुझा धनी, आमचा हातिम, फावच्या आघाडीवर चिखलात राहिला, त्याला तीन वर्षं झाली. त्याच्यामागे तू या घराचं जे केलंस ते पुरुषाने केलं नसतं. मी चारचौघांत सांगतो. खरं की नाही, उम्म जब्बार?"

"खरं," सासू म्हणाली.

"पण आता अल्लाने आपला जब्बार परत दिला. घरात पुरुष असताना बाई झाडावर, हे बरं दिसतं का? परवा बाजारात मला एकाने विचारलं, तुमचा पुतण्या लढाईवरून आला म्हणे, मग शेंड्यावर अजून तीच का? मी काय उत्तर देणार?"

"सहा वर्षांपूर्वी पण लोक विचारत होते काका," वजीहा म्हणाली. "तेव्हा तुम्हीच म्हणाला होतात, विचारणाऱ्याला म्हणावं तू चढ. पहिल्या दोराचा काथ्या तुम्हीच आणून दिला होता."

एक चुलत दीर खुदकन हसला आणि काकाने बघताच गप्प झाला.

"तेव्हा लढाई होती."

"झाडांना काय कळतंय लढाई होती का नव्हती? मामंजी तेव्हा होते, पण त्यांचे गुडघे गेले होते. दोन्ही मुलगे सीमेवर. ते खाली उभे राहून ओरडायचे आणि मी वर थरथर कापायची. सहा वसंत मी चढले. एक घड शीस गेला नाही. एक सांगा."

"तोंड फार चालायला लागलं हिचं," काका सासूला म्हणाला, पण हसत.

"वर वारं फार असतं ना, मोठ्याने बोलायची सवय लागते," सासू म्हणाली. क्षणभर वजीहाला वाटलं, म्हातारी आपल्या बाजूची आहे. याच बाईने तिच्या सालटं निघालेल्या तळव्यांना रोज संध्याकाळी लोणी चोळलं होतं, हातिमची फौजी विजार कापून तिला चढायला बेतून दिली होती. "आत्याबाई, तुम्ही सांगा," ती वळून म्हणाली. "तुम्ही बघितलंय सगळं."

उम्म जब्बारने मुलाकडे बघितलं. जब्बार चटईच्या काड्या मोजत असल्यासारखा खाली बघत बसला होता. पंचेचाळिशीतला माणूस, पण मानेची कातडी सुटलेली.

"मी दोन मुलगे पाठवले होते," म्हातारी सावकाश म्हणाली. "एक परत आला. तो या घरात धनी म्हणून राहावा, एवढंच मला हवंय. झाडं काय, आज आहेत उद्या नाहीत."

दाराआड सबीहाने सुस्कारा सोडला, तो सगळ्यांना ऐकू गेला. वजीहाला कळलं की ती आता खोलीत एकटी आहे. दोर गेला की तिचं काय उरणार होतं? हातिमची विधवा, सुआदची आई, पाचव्या ताटावर बसणारी. सहा वर्षं सकाळी उठताना आज कुठलं झाड, हे तिला आधी आठवायचं आणि आपलं दुःख मागाहून. त्या एका क्रमावर ती जगली होती.

"एवढंच वर्ष," ती म्हणाली, आणि तिचा आवाज काकुळतीला आला. "कालव्याकाठची खस्तावी फुटून तीन दिवस झाले. काका, मी मागते ते फार नाही. अबू गाझींना एक वर्ष विसावा घेऊ द्या. आठ वर्षं त्यांनी कमी का सोसलंय?"

तिला ते मायेने म्हणायचं होतं, आणि मायाच त्यात होती. पण जब्बारने मान वर केली.

"विसावा कशाला?" त्याने विचारलं.

"तसंच म्हटलं."

"मला काय झालंय?"

वजीहाने नजर खाली वळवली, पण ती उशिरा वळवली. तोवर त्याने तिच्या डोळ्यांत मंगळवारची सकाळ वाचली होती. त्याचा चेहरा आधी पांढरा पडला, मग कानापर्यंत लाल झाला. तो उठला, उशाशी टांगलेला दोर त्याने खेचून काढला.

"चला," तो म्हणाला. "सगळे चला. विसावा कोणाला हवाय ते बघा."

*

खस्तावी साडेचार पुरुष उंच होती. हातिमच्या आजोबांनी लावलेली, थोडी कालव्याकडे झुकलेली. काका, चुलत दीर, बायका, कुंपणापाशी शेजारच्या घरातलेही तिघेचौघे. जब्बारने अंगरख्याचा घोळ कमरेला खोवला, नराच्या फुलांची जुडी पाठीला अडकवली, पट्टा कमरेमागे घेतला आणि दोर खोडाभोवती टाकून आकडा बसवला.

वजीहाला ते लगेच दिसलं. गाठ तिच्या मापाची होती. त्या दोराची गाठ तिने पहिल्याच वर्षी दोन वीत आत घेतली होती, कारण ती बुटकी आणि हडकुळी. त्या दोरात जब्बारसारखा माणूस खोडाला छाती चिकटवूनच राहणार. मागे रेलता आलं नाही तर दोर वर उडवता येत नाही, आणि दोर उडवता आला नाही तर माणूस वर जात नाही आणि खालीही येत नाही.

"अबू गाझी, गाठ सोडून घ्या," ती पुढे होऊन म्हणाली. "ती माझ्या मापाची आहे."

कुंपणापाशी कोणीतरी हसलं. ते शब्द तोंडातून निघाल्या क्षणी वजीहाला ते परत गिळावेसे वाटले. एवढ्या माणसांपुढे पुरुषाला सांगायचं, की तू बाईच्या मापाच्या दोरात उभा आहेस! जब्बारने ऐकलं. गाठीवर ठेवलेला हात त्याने काढून घेतला.

"मला शिकवू नकोस," तो म्हणाला आणि चढायला लागला, गाठ तशीच ठेवून.

"बाई, मागे हो," काका ओरडला.

पहिला पुरुषभर तो चांगला चढला. झावळ्यांच्या जुन्या खुंटांवर पाय बरोबर पडत होते. हे काम त्याने पोरपणी केलं होतं, पायांना ते आठवत होतं. दुसराही चढला. सासूने तोंडातल्या तोंडात दुआ म्हणायला सुरुवात केली. तिसऱ्या पुरुषाच्या वर दोर एका खुंटाला अडला. त्याला तो उडवायला मागे रेलता येईना. त्याने एकदा जोर केला, दोनदा केला, आणि मग खाली बघितलं.

तो थांबला. त्याने दोन्ही हातांनी खोडाला मिठी मारली आणि गाल त्या खरबरीत सालीवर टेकला. फुलांची जुडी सुटून खाली पडली आणि पिवळी धूळ उडाली.

"जब्बार!" काकाने हाक मारली. "ये खाली, झालं, बघितलं आम्ही."

जब्बारने मिठी आणखी आवळली. मग त्याच्या अंगरख्यावर एक ओला डाग पसरला आणि तो खालूनही दिसला.

"बायकांनो, तोंडं फिरवा," काका म्हणाला. त्याचा आवाज फाटला होता. बायकांनी पाठ फिरवली. सबीहाने अंगावरच्या काळ्या अबायाचा पदर तोंडात कोंबला. "तुम्हीही फिरवा," तो चुलत पुतण्यांना म्हणाला, मग स्वतःही फिरला. कुंपणापाशीचे तेवढे बघत राहिले.

वजीहा गोठ्यात धावली आणि म्हशीची दोरी घेऊन आली. अबाया तिने गवतावर टाकली, अंगातला घोळ मांड्यांपर्यंत वर घेऊन कमरेला गाठ मारली. "वजीहा, नको!" सबीहा पाठमोरीच ओरडली. ती वर चढली. पट्टा नाही, नुसती दोरी आणि सहा वर्षांचे पाय. त्याच्या तळव्यांखाली पोचल्यावर तिने दोरी खोडाला आवळली.

"अबू गाझी, मी आहे."

"खाली कोण कोण आहे?" त्याचे दात वाजत होते.

"कोणी नाही."

"खोटं बोलतेस."

"सगळे पाठमोरे आहेत. कोणी बघत नाही. डोळे मिटूनच ठेवा. डावा पाय ढिला सोडा, मी धरलाय."

तिने दिराचा घोटा दोन्ही हातांच्या वेढ्यात धरला, खाली आणला, खुंटावर टेकवला. मग उजवा. प्रत्येक पायरीला तिला वर हात घालून तो आखूड दोर खुंटांवरून सोडवत, ढकलत खाली घ्यावा लागत होता. मधेच तो म्हणाला, "हातिम असाच धरून बसला होता. बांधाला. मी त्याला सोडवायला गेलो नाही." वजीहाचे हात थांबले. तीन वर्षं तिने या माणसाला एकदाही विचारलं नव्हतं, की तो कसा गेला.

"उजवा पाय," ती म्हणाली. "उजवा पाय सोडा."

जमिनीला पाय लागल्यावर जब्बार पट्टा अंगावर तसाच घेऊन घराकडे चालत गेला. त्याने कोणाकडे पाहिलं नाही.

*

काकाने संध्याकाळच्या आत निकाल दिला आणि तो दिला सासूजवळ. शनिवारी सकाळी उम्म जब्बार वजीहाच्या खोलीत आली, तिच्या शेजारी चटईवर बसली आणि तिने तिचा सोललेला तळवा आपल्या मांडीवर घेतला.

"झाडं वाट्याने द्यायची ठरली. पलीकडच्या गावचा चढणारा येईल सोमवारपासून."

"सोमवारी खस्तावीचं शीस झालेलं असेल."

"होईल तर होईल." म्हातारी थांबली. "तुझ्या भावाला निरोप गेलाय, दिवानिया शहरात. तो दुपारी मोटार घेऊन येईल."

"किती दिवसांसाठी?"

म्हातारी तिच्या तळव्यावर अंगठा फिरवत राहिली.

"आत्याबाई, मी त्यांना जिवंत खाली आणलं."

"आणलंस. त्याचं तुला अल्लाकडे मिळेल." तिचे डोळे कोरडे होते. "कालपासून त्याने पाणी घेतलं नाही. तू अंगणातून गेलीस की तो भिंतीकडे तोंड करतो. एका घरात तुम्ही दोघं नाही राहू शकत, आणि घर त्याचं आहे."

"मी चढले नसते तर?"

"तर तो पडला असता. मग आम्ही रडलो असतो. ते आम्हाला येतं."

वजीहाने हात ओढून घेतला. तिला किंचाळावंसं वाटलं, आणि ज्या बाईपुढे किंचाळायचं तिनेच एक मुलगा मातीत घातला होता. "सुआद?" तिने विचारलं.

"सुआद हातिमची आहे. आमच्या घरातली मुलगी. ती इथेच राहील, सबीहा बघेल तिचं." म्हातारी गुडघ्यावर हात टेकून उठली. दाराशी जाऊन ती म्हणाली, "मी भांडले काकांशी त्यावरून. खरंच भांडले." ते खरं असावं असं वजीहाला वाटलं, आणि त्याने काही फरक पडत नव्हता.

दुपारी बोचकं बांधताना सुआद आली. तिने केस घट्ट विंचरून काळ्या रुमालाखाली घातले होते. गेल्या वर्षीपर्यंत हीच पोर खालून फुलांच्या जुड्या वर टाकायची आणि दरवेळी विचारायची, आई, मी कधी चढू?

"सुआद, ऐक." वजीहाने तिचे खांदे धरले. "सोमवारी तो माणूस आला की त्याला आधी कालव्यावर ने. बाकीची झाडं थांबतील. एकदोन घड अजून वाचतील, सांगशील?"

"मी परक्या पुरुषाशी कशी बोलू?"

"मग काकूकडून सांग."

"नाही सांगणार." सुआदने खांदे सोडवून घेतले. "तू वर जायला नको होतंस, आई. आजीने पाठ फिरवली, सबीहाकाकूने फिरवली, मी फिरवली. तूही पाठ फिरवायची होतीस."

"ते मेले असते, बाळा."

"हो," सुआद म्हणाली, "पण तू इथे राहिली असतीस."

ती रडत नव्हती. सबीहाचा तो नवा, हळू आवाज तिच्या तोंडात आला होता. वजीहाने तिला जवळ घ्यायला हात पुढे केले. बाहेर भावाने मोटारीचा भोंगा वाजवला, आणि सुआदने वाकून आईचं बोचकं उचललं, तिला उशीर होऊ नये म्हणून.